गप्प बसणं हाही निर्णयच!

आपण काहीच निवडलं नाही तर जो पर्याय आपोआप लागू होतो, त्याला 'डिफॉल्ट' म्हणतात. हे फक्त मोबाईलमध्ये नसतं, आपल्या धानाच्या बांधीतही असतं.

समजा, सिंदेवाहीजवळ दोन शेजारी शेतकरी आहेत. एकाने बँकेचं पीककर्ज घेतलंय, दुसऱ्याने नाही. पीकविम्याबद्दल दोघेही गप्प राहिले. काय होईल?

2020 च्या खरिपापासून प्रधानमंत्री पीक विमा योजना कर्जदारांसाठीही ऐच्छिक झाली. पण विमा नको असेल, तर मुदतीच्या 7 दिवस आधी बँकेला लेखी कळवायचं. नाही कळवलं तर हप्ता खात्यातून कापला जातो. बिगरकर्जदाराला मात्र स्वतः अर्ज करावा लागतो. म्हणजे गप्प दोघेही, पण विमा एकाचाच!

खरीप धानाला शेतकऱ्याचा हप्ता जास्तीत जास्त 2 टक्के, म्हणजे 50,000 च्या विम्याला 1,000 रुपये. पीक बुडालं तर फरक याहून कितीतरी मोठा.

मुलांना घरी विचारायला सांगा: आपल्या खात्यातून कोणते पैसे आपोआप कापले जातात, आणि ते कोणी ठरवलं? उत्तरांवर वर्गात चर्चा घ्या.