फोन भरला म्हणून गेम साफ करताना नेमकं काय पुसलं जातं?



ऑगस्ट लागला की आमच्या जालना जिल्ह्यात घरातल्या एकाच फोनवर दोन कामं येऊन पडतात. बांधावर उभं राहून ई-पीक पाहणी करायची असते, आणि शाळेच्या ग्रुपवरचे व्हिडिओ, स्वाध्याय, दीक्षा ॲपवरचे पाठ हेही त्याच फोनवर बघायचे असतात. नेमकं तेव्हाच स्क्रीनवर येतं, ‘स्टोरेज पूर्ण भरले आहे’. सोयाबीनचा फोटो निघत नाही, ॲप अपडेट होत नाही. मग घरात एकच आरोपी ठरतो, पोराचा गेम.

पुढे काय होतं ते तुम्हाला ठाऊक आहे. एक तर बाप चिडून दिसेल ते बटण दाबतो. नाहीतर फोन तालुक्याच्या दुकानात जातो आणि तिथे ‘फॉरमॅट मारून’ मिळतो. त्यात गेम जातो, पण त्याच्यासोबत आधारचा फोटो, पासबुकचं पहिलं पान, पीक विम्याची पावती आणि वारलेल्या आजीचा एकुलता एक व्हिडिओही जातो. दिवाळीनंतर अंबड, घनसावंगी, मंठा या भागातून ऊसतोडीला जाणाऱ्या घरांत तर फोन हीच कागदपत्रांची पेटी असते. म्हणून हा विषय फक्त गेमचा नाही. चौथी-पाचवीच्या मुलांना आणि त्यांच्या पालकांना एकत्र बसवून हा पाठ घ्यावा असं मला वाटतं, आणि तो कसा घेता येईल ते इथे लिहितो आहे.

आधी ‘डेटा’ या शब्दाचा घोळ मिटवा

आपल्याकडे ‘डेटा संपला’ म्हणजे नेटपॅक संपला. त्यामुळे ‘गेमचा डेटा साफ करा’ म्हटलं की कित्येक पालकांना वाटतं, आता आपला नेटपॅक जाणार. काहींना उलट वाटतं, की साफ केलं तर पॅक वाचेल. दोन्ही खरं नाही. इथला डेटा म्हणजे गेमने आपल्या फोनमध्ये लिहून ठेवलेली माहिती. मुलगा कोणत्या लेव्हलला पोचला, किती नाणी जमवली, कोणत्या नावाने खेळतो, आवाज बंद ठेवलाय की चालू, या सगळ्या नोंदी. ही माहिती पुसल्याने नेटपॅकचा एक एमबीही परत मिळत नाही. उलट गेम पुन्हा उघडला आणि त्याने आपल्या मोठ्या फाइल्स पुन्हा उतरवायला घेतल्या, तर दिवसाचा दीड जीबीचा पॅक दुपारच्या आतच संपतो आणि संध्याकाळी अभ्यासाचा व्हिडिओ उघडत नाही.

हे फळ्यावर दोन रकाने करून सांगा. एकीकडे ‘नेटचा डेटा’, दुसरीकडे ‘साठवलेला डेटा’. मुलांना लगेच कळतं, पालकांना थोडा वेळ लागतो.

फळा आणि नोंदवही

सेटिंग्जमध्ये ‘ॲप्स’, त्यात तो गेम, त्यात ‘स्टोरेज’ असं गेलं की बहुतेक अँड्रॉइड फोनमध्ये आकडे दिसतात. ॲपचा आकार, डेटा, कॅशे आणि एकूण. खाली किंवा वर दोन बटणं असतात. एक ‘कॅशे साफ करा’, दुसरं ‘डेटा साफ करा’ किंवा ‘स्टोरेज साफ करा’. कंपनीप्रमाणे शब्द आणि जागा बदलते. काही फोनमध्ये आधी एकच ‘साफ करा’ दिसतं आणि ते दाबल्यावर दोन पर्याय येतात. गोंधळ तिथेच होतो.

मी वर्गात हे शाळेवरूनच सांगतो. शाळेची इमारत म्हणजे ॲप. फळ्यावर लिहिलेलं म्हणजे कॅशे. सोयीसाठी लिहिलं, पुसलं तरी उद्या परत लिहिता येतं, थोडा वेळ जास्त लागेल एवढंच. आणि कपाटातला हजेरीपट, गुणांची नोंदवही म्हणजे डेटा. ती जाळली तर इमारत तशीच उभी राहील, पण कोण हजर होतं आणि कोणाला किती गुण मिळाले हे कोणी सांगू शकणार नाही.

एका मुलीने यावर विचारलं होतं, “सर, नोंदवहीची एक प्रत पंचायत समितीत दिलेली असली तर?” यापेक्षा चांगला प्रश्न मला सुचला नसता. तसंच असतं. गेम जर गूगल, फेसबुक किंवा गेमच्या स्वतःच्या खात्याला जोडलेला असेल, तर बहुतेक वेळा त्याची प्रत कंपनीच्या सर्व्हरवर असते. फोनमधली नोंद पुसली तरी त्याच खात्याने परत आत गेलं की लेव्हल मिळते. पण ‘गेस्ट’ म्हणून खेळत असेल, तर बऱ्याच गेममध्ये ती प्रत नसते किंवा ती आपलीच आहे हे सिद्ध करायला काही उरत नाही. गावाकडची बहुतेक लहान मुलं गेस्ट म्हणूनच खेळतात, कारण खातं उघडायला आईबाबांचा ईमेल लागतो आणि तो कोणाला आठवत नाही!

मोठं उदाहरण द्यायचं तर पबजीचं द्या, मोठ्या भावांमुळे ते पोरांना माहीत असतंच. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ ॲप्सवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाईल होता. ३० ऑक्टोबर २०२० ला त्याची भारतातली सेवा थांबली. फोनमध्ये गेमच्या फाइल्स तशाच होत्या, जागा अडवून बसलेल्या, पण गेम चालत नव्हता. जुलै २०२१ मध्ये त्याच कंपनीचा बीजीएमआय आला, तेव्हा फेसबुक किंवा ट्विटर खात्याने खेळणाऱ्यांना आपला जुना खेळ नव्या ॲपमध्ये आणता आला. यावरून मुलांना दोन गोष्टी दाखवता येतात. फाइल्स फोनमध्ये असल्या म्हणजे खेळ आपल्याकडे आहे असं नाही, आणि फाइल्स गेल्या म्हणजे खेळ गेलाच असंही नाही.

एक बारीक गोष्ट इथेच सांगून टाकतो. अँड्रॉइड ६ पासून फोनचा बॅकअप चालू असेल तर प्रत्येक ॲपची २५ एमबीपर्यंतची माहिती गूगल खात्यात आपोआप जपली जाऊ शकते. त्यामुळे कधीकधी गेम काढून पुन्हा टाकला तरी जुनी लेव्हल दिसते आणि पालक म्हणतात, “साफ केलं तरी जात नाही हे भूत!” पण ही सोय द्यायची की नाही हे ॲप बनवणारा ठरवतो, म्हणून तिच्या भरवशावर राहू नये.

कोणत्या क्रमाने साफ करायचं

आधी कॅशे. त्याने कोणाचं काही बिघडत नाही. मात्र कॅशे काही दिवसांत परत भरतो, त्यामुळे हा उपाय आजचा फोटो काढण्यापुरता आहे, कायमचा नाही.

मग ‘फाइल्स’मध्ये जाऊन डाउनलोड फोल्डर बघा. मुलं मोठ्या मुलांकडून ब्लूटूथने किंवा तसल्याच सोयीने गेमची एपीके फाइल घेतात. गेम टाकून झाला की त्या फाइलचं काम संपतं, पण ती तिथेच पडून राहते. गेम काढून टाकला तरी ही फाइल जात नाही. एकाच गेमच्या तीन-तीन एपीके मी पाहिल्या आहेत. शिवाय प्ले स्टोअरच्या बाहेरून आलेल्या अशा फाइलमध्ये काय दडलंय हे कळायला मार्ग नसतो, तेव्हा ती पुसण्यात नुकसान काहीच नाही.

तरीही जागा पुरली नाही, तर मोठा गेमच काढा. इथे पुष्कळ जण ‘डेटा साफ करा’ दाबतात, आणि मला ते सगळ्यात निरुपयोगी पाऊल वाटतं. मुलाची लेव्हल जाते, ॲप मात्र तसंच राहतं आणि गेम उघडला की फाइल्स परत उतरतात. म्हणजे भांडणही झालं आणि जागाही मिळाली नाही. जागा हवी असेल तर ॲप अनइन्स्टॉल करा, त्यासोबत त्याचा फोनमधला डेटाही जातो. ‘डेटा साफ करा’चा खरा उपयोग वेगळा आहे. गेम उघडताच बंद पडतो, अडकतो, किंवा फोन दुसऱ्याला द्यायचाय पण गेम ठेवायचा आहे, अशा वेळी ते बटण कामाचं.

काढण्याआधी दोन मिनिटं मुलाला शेजारी बसवा आणि विचारा, खातं जोडलंय का? नसेल आणि त्याला हवं असेल, तर गेमच्या सेटिंगमध्ये जाऊन आपल्या खात्याला जोडून द्या. हे लाड नाहीत. आपल्याला तो ‘नुसता गेम’ वाटतो, पण नऊ वर्षांच्या पोराने तीन महिने रोज अर्धा तास देऊन गाठलेली लेव्हल ही त्याच्या लेखी कमाई असते. न सांगता पुसली तर गेम सुटत नाही. पोरगं तोच गेम दुसऱ्या नावाने, लपवलेल्या फोल्डरमध्ये किंवा चुलत्याच्या फोनवर खेळायला शिकतं. आमच्या वर्गातल्या एका मुलाने सांगितलं होतं, “पप्पांनी उडवला, मग मी आजोबांच्या फोनात टाकला.” आजोबांना त्या फोनवर फक्त भजनं ऐकायची होती.

वेळेची मर्यादा हा वेगळा प्रश्न आहे आणि तो बोलून सोडवायचा असतो, बटणाने नाही.

ही बटणं इथे दाबू नका

एकदा साफ करायची सवय लागली की हात इतर ॲपवरही जातो. व्हॉट्सॲपचा डेटा साफ केला आणि बॅकअप नसेल, तर जुनी चॅट परत मिळतीलच असं नाही. पैसे पाठवायच्या ॲपचा डेटा गेला तर पुन्हा सिमवरून नोंदणी करावी लागते, आणि ते सिम दुसऱ्या फोनमध्ये असलं की काम अडतं. दीक्षा ॲपमध्ये आपण डाउनलोड करून ठेवलेले पाठ जातात आणि पुन्हा उतरवायला नेटपॅक लागतो.

सगळ्यात जपायची ती माहिती भरायची ॲप्स. ई-पीक पाहणी १५ ऑगस्ट २०२१ पासून राज्यभर सुरू झाली आणि आपल्याकडे शिवारात रेंजचे हाल काय असतात हे सांगायला नको. रेंज नसली की अशा ॲपमध्ये भरलेली माहिती, काढलेला फोटो, काही काळ फोनमध्येच थांबलेला असतो. अपलोड होण्याआधी कोणी ‘जागा करायची’ म्हणून डेटा पुसला, तर बांधावरची चक्कर वाया. आपल्या शिक्षकांच्या ऑफलाइन नोंदींच्या ॲप्सनाही हाच नियम. आधी अपलोड, मग साफसफाई.

फोनमधून गेलं, कंपनीकडून नाही

पालकांच्या बैठकीत हे जरूर सांगा. अनइन्स्टॉल केलं म्हणजे मुलाचं नाव, वय, खेळायच्या वेळा ही कंपनीकडची माहिती पुसली गेली असं होत नाही. त्यासाठी गेमच्या आत किंवा त्यांच्या संकेतस्थळावर ‘खातं काढा’ अशी विनंती करावी लागते. ज्या ॲपमध्ये खातं उघडता येतं, त्यात ते काढायचीही सोय हवी, असा प्ले स्टोअरचा नियम आहे. आपल्या देशाच्या २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात १८ वर्षांखालच्या प्रत्येकाला मूल धरलं आहे आणि त्याची माहिती वापरायला पालकांची संमती अपेक्षित आहे. मुलं मात्र जन्मसाल १९९० टाकून मोकळी होतात. गंमत वाटते, पण त्यामुळे त्यांना मोठ्यांच्या जाहिराती दिसू शकतात.

पैशाचंही तसंच. गेममध्ये महिन्याची वर्गणी चालू असेल, तर गेम काढल्याने ती थांबत नाही. प्ले स्टोअरमध्ये ‘पेमेंट आणि सदस्यत्वे’ इथे जाऊन ती वेगळी बंद करावी लागते. खरेदीला पासवर्ड किंवा बोटाचा ठसा लावायची सोयही प्ले स्टोअरमध्येच आहे, ती आजच लावून टाका.

वर्गातला उपक्रम

पाचवीच्या गणिताला हा विषय छान जुळतो. मुलांना घरी, आईबाबांसमोर आणि त्यांच्या परवानगीने, सेटिंग्जमधलं ‘स्टोरेज’ उघडायला सांगा. काहीही पुसायचं नाही, फक्त वहीत उतरवायचं. सगळ्यात मोठी पाच ॲप्स, प्रत्येकाचा एकूण आकार, त्यातला कॅशे किती. दुसऱ्या दिवशी बेरीज-वजाबाकी. १ जीबी म्हणजे साधारण १००० एमबी आणि एक फोटो ३ ते ४ एमबीचा धरला, तर दीड जीबीचा गेम काढल्यावर किती फोटो मावतील? उत्तर पावणेचारशे ते पाचशेच्या दरम्यान येतं. भागाकाराचं इतकं जिवंत उदाहरण पुस्तकात सापडत नाही.

मग फळ्यावर तीन रकाने करा. ‘पुसलं तर चालेल’, ‘विचारून पुसायचं’, ‘हात लावायचा नाही’. प्रत्येक मुलाने आपल्या यादीतलं एकेक नाव योग्य रकान्यात लिहायचं आणि कारण सांगायचं. आमच्याकडे यावरून जोरदार वाद झाले, एकाने तर गेम तिसऱ्या रकान्यात टाकला आणि आपली बाजू शेवटपर्यंत लढवली. फोन नसलेल्या मुलांना जोडीदाराच्या यादीवर काम द्या, कोणी बाजूला बसता कामा नये.

एक सूचना. यादी घरी करायला दिलीत की दुसऱ्या दिवशी काही पालकांचे फोन येतील. कारण बऱ्याच घरांत पहिल्या नंबरवर पोराचा गेम नसतो, व्हॉट्सॲप असतं. त्यात सकाळच्या शुभेच्छांचे फोटो आणि तेच तेच व्हिडिओ साठलेले असतात, आणि ते पोराचे नसतात. व्हॉट्सॲपच्या सेटिंगमध्ये ‘स्टोरेज आणि डेटा’, तिथे ‘स्टोरेज व्यवस्थापित करा’ या ठिकाणी मोठ्या फाइल्स वेगळ्या काढून दाखवल्या जातात. चॅट न घालवता तिथून हव्या त्याच पुसता येतात.