पाच रोपं की एक?

प्रश्न : म्हसळा तालुक्यात मी दुसरीला शिकवते. एका मुलाच्या हातून अडखळून परसबागेतली पाच रोपं मोडली. दुसऱ्याने रागाने एकच उपटलं. वर्ग म्हणतो, पाचवाल्याची चूक मोठी. मी कुठे कमी पडले?

उत्तर : कुठेही नाही, बाई. मानसशास्त्रज्ञ पियाजे यांनी १९३२च्या पुस्तकात हेच नोंदवलं आहे. नकळत पंधरा कप फोडणारा मुलगा आणि चोरून मुरंबा काढताना एक फोडणारा, यांत लहान मुलं पंधरावाल्याला अधिक दोषी ठरवत. हेतू तोलण्याकडे कल साधारण नऊ-दहाव्या वर्षी होतो. मात्र हेतू ठसठशीत सांगितला तर चार-पाच वर्षांची मुलंही तो ध्यानात घेतात, असं पुढच्या अभ्यासांत दिसलं. तुमच्या कामाचं आहे ते हेच.

निकाल तुम्ही देऊ नका. ‘त्याला काय करायचं होतं?’ एवढंच विचारा आणि मुलांना आपसांत भांडू द्या. बरोबरीच्यांशी वाद घालताना दुसऱ्याची बाजू दिसते, मोठ्यांपुढे मुलं नुसती मान डोलावतात.

आणि रोपं पुन्हा लावायला दोघांनाही न्या. राग कशाचा होता, ते उपटणाऱ्याला तिथेच, मातीत हात असताना विचारा.