घडी लंगडते, बाबू!

थर्ड इयर मेकॅनिकलला आलं की आपल्याला यंत्रातलं सगळं कळतं असं वाटायला लागतं. मलाही वाटलं होतं. तो माज चोरखमाऱ्याला आजीच्या घरी उतरला.

चोरखमारा म्हणजे तिरोडा तालुक्यातलं, नागझिऱ्याच्या जंगलाला लागून असलेलं गाव. सफारीला गेलेल्यांना तिथलं गेट आठवेल. आजीच्या घरी भिंतीवर चावीचं, लंबकाचं घड्याळ आहे. आजोबा गेल्यापासून ते सारखं बंद पडायचं. दिवाळीच्या सुट्टीत मी स्क्रू ड्रायव्हर घेऊन बसलो. मागची पट्टी सैल केली आणि खाडकन आवाज! पूर्ण चावी भरलेली स्प्रिंग एका झटक्यात सुटली. एका चाकाचे तीन दात गेले, माझा अंगठा फाटला. (पोटेन्शियल एनर्जीवर पेपरात आठ मार्क घेतलेला मुलगा मी!) आजी रागावली नाही. "त्यायच्या हातची घडी होती," एवढंच म्हणाली आणि आत गेली. त्यापेक्षा रागावली असती तर बरं झालं असतं.

घड्याळ पिशवीत घालून तिरोड्याच्या बाजारात गेलो. आमच्याकडे 'घड्याळजी' कोणी म्हणत नाही, घडीवाला म्हणतात. काकांनी एका डोळ्याला भिंग लावलं. "खोलायच्या आधी चावी धरून स्प्रिंगची ताकद हळूहळू उतरवाची रायते, बाबू." नवीन चाक मिळत नाही. त्यांनी मोडलेल्या दातांच्या जागी खाच पाडली, पितळेचा तुकडा बसवून डाग दिला आणि कानशीने तीन दात घासून काढले. आपल्या वर्कशॉपमधलं फायलिंगचं जॉब आठवून मला लाज वाटली.

पण घड्याळ मुळात बंद का पडायचं? ते बघायला काका स्वतः चोरखमाऱ्याला आले. घड्याळ टांगलं, डोळे मिटले. टिक–टक... टिक–टक... "आयक. लंगडते."

आता थोडा अभ्यास. लंबकाबरोबर एक अँकर हलतो. त्याचे दोन हात एका चाकाचे दात आळीपाळीने अडवतात आणि सोडतात, आणि सोडताना लंबकाला बारीकसा धक्का मिळतो. घड्याळ तिरकं असेल तर एका बाजूचा दात लवकर सुटतो, दुसऱ्या बाजूचा उशिरा. टिक आणि टक यांतलं अंतर असमान होतं. स्प्रिंगची ताकद उतरली की लंबकाचा झोका लहान होतो, उशिराच्या बाजूचा दात सुटतच नाही आणि घड्याळ थांबतं. आजीची मातीची भिंत पावसाळ्यात कलली होती. काकांनी घड्याळाच्या एका बाजूला पोस्टकार्डाची घडी सारली. ठोके सारखे झाले. बस, एवढंच!

वेळ पुढेमागे करायची ती लंबकाच्या गोळ्याखालच्या चातीने. आपलं सूत्र टी = २π√(एल/जी). आमच्या लंबकाचा एक पूर्ण झोका १ सेकंदाचा, म्हणजे लांबी साधारण २४८ मिमी. चाती १ मिमी वर केली की घड्याळ दिवसाला जवळजवळ ३ मिनिटं पुढे जातं. आमच्या चातीचा एक फेरा म्हणजे अर्धा मिमी, म्हणजे दिवसाला ८७ सेकंद.

खरी गंमत पुढे आहे. घड्याळाच्या दाराच्या आतल्या बाजूला आजोबांनी पेन्सिलीने लिहून ठेवलंय: 'पाडवा – एक धान वर. दिवाळी – एक धान खाली.' आजी म्हणाली, धानाचा दाणा आडवा जेवढा, तेवढी ते चाती फिरवत. मी कॅल्क्युलेटर काढला. लंबकाची दांडी स्टीलची. आमच्याकडे हिवाळा आणि उन्हाळा यांच्या दिवसरात्रीच्या सरासरीत १५ अंशांचा फरक धरला, तर दांडी लांबून घड्याळ दिवसाला ८ सेकंद मागे पडतं. ८ भागिले ८७ म्हणजे फेऱ्याचा अकरावा भाग. चातीचा व्यास १ सेंमी, घेर ३१ मिमी. त्याचा अकरावा भाग तीन मिमीला थोडा कमी. धानाचा दाणा आडवा मोजला... तेवढाच! आजोबा चौथी शिकलेले. त्यांनी रेडिओचे ठोके आणि घड्याळ वर्षानुवर्षं ताडून हे काढलं असणार.

आणि तो रेडिओचा वेळ तरी कुठे आपला? तो ८२.५ अंश रेखांशाचा. चोरखमारा ८० अंशांच्या आसपास, म्हणजे आमचा सूर्य घड्याळापेक्षा साधारण १० मिनिटं मागे. १९०६ मध्ये भारतीय प्रमाणवेळ आली, तरी मुंबईने ३९ मिनिटं मागची स्वतःची वेळ १९५५ पर्यंत सोडली नव्हती.

युरोपात या कामाच्या संघटना होत्या. जिनेव्हात १६०१ पासून, लंडनला १६३१ ची सनद. तिरोड्यात एक लाकडी पेटी, दुसऱ्यासाठी एक स्टूल. एचएमटीचा घड्याळांचा धंदा २०१६ मध्ये बंद झाला. काका आता मेलेल्या एचएमटींचे भाग काढून जिवंत घड्याळांत घालतात. मुलगा मोबाइल दुरुस्त करतो. काकांच्या उजव्या डोळ्यात मोतीबिंदू उतरलाय.

सध्या सुट्टीला गेलो की त्या स्टुलावर मी बसतो. तीन महिन्यांत फक्त ऐकायला शिकलोय. दात घासायला अजून हात लावू देत नाहीत. पाडव्याला चाती फिरवायचं काम मात्र माझ्याकडे आहे. आजीने डब्यातून एक धान काढून घड्याळाखालच्या कोनाड्यात ठेवलाय.