सहीच्या आधी फॉर्म वाचा

नव्या गाडीच्या नोंदणीसाठी मालकाला आता आरटीओत हेलपाटे घालावे लागत नाहीत. खासगी कार तपासणीला न्यायचीही गरज उरलेली नाही. शोरूमच अर्ज भरतं, ‘वाहन’ पोर्टलवर कागद चढवतं, कर भरतं आणि रत्नागिरीचा एमएच-08 नंबर पडतो. सोय मोठीच, पण आपली माहिती भरणारा माणूस दुसराच असतो. आमच्या नोंदणीत शोरूममधल्या पोराने मोबाइल नंबर चक्क स्वतःचा घातला होता. ओटीपीसाठी गिऱ्हाइकाला सारखा फोन करायला नको, एवढाच त्याचा हेतू. कर्ज फिटलं, बँकेचं ना हरकत पत्र आणि फॉर्म 35 घेऊन मी बोजा उतरवायला बसलो, तेव्हा ते उघड झालं. ओटीपी भलत्याच फोनवर जात होता आणि तो पोरगा तोवर नोकरी सोडून पुण्याला गेलेला!

म्हणून कर भरण्याआधी फॉर्म 20 ची प्रत मागून घ्या आणि तिथेच बसून वाचा. नाव आधार कार्डाप्रमाणेच हवं. पत्त्यात वाडीचं नाव आणि पिनकोड आहे का पाहा. आरसीचं स्मार्ट कार्ड पोस्टाने येतं, आणि आपल्याकडे एकेका गावात इतक्या वाड्या की नुसत्या ‘मु. पो.’वर नवा पोस्टमन पाकीट परतच पाठवणार.

चॅसी नंबर मात्र गाडीजवळ उभं राहूनच जुळवा. पूर्वी एजंट त्यावर कागद धरून पेन्सिल घासायचा आणि तो छाप अर्जाला चिकटवायचा. आता मोबाइलने फोटो काढला की झालं. 17 अक्षर-अंकांचा हा नंबर. त्यात इंग्रजी आय, ओ आणि क्यू ही अक्षरं कधीच नसतात. फॉर्मवर ‘ओ’ दिसला तर तिथे शून्य हवं होतं, असं खुशाल समजा. फॉर्म 21 वर उत्पादनाचा महिना-वर्षही असतं. जानेवारीत घेतलेली गाडी आदल्या वर्षाची निघाली, तर विकताना भाव पडतो.

दसऱ्याचा मुहूर्त गाठायचा असेल तर पैसे चार-पाच दिवस आधी पोचते करा. नंबर लागल्याशिवाय शोरूमने गाडी द्यायची नाही, असा कायदाच आहे. ‘आज न्या, प्लेट नंतर लावू’ म्हणणाऱ्याला हसून नकार द्या. वाटेत काही झालं तर विमा कंपनी आधी तेच विचारेल.

पैशांचं गणित सोपं आहे. व्यक्तीच्या नावावरच्या, 10 लाखांपर्यंतच्या पेट्रोल गाडीला 11 टक्के एकरकमी कर. म्हणजे 8 लाखांच्या गाडीला 88,000 रुपये. कंपनीच्या नावावर घेतली तर 20 टक्के. आंब्याच्या धंद्यासाठी प्रायव्हेट लिमिटेड काढलेल्यांनी आधी सीएला विचारावं. नोंदणी फी 600, कर्ज असेल तर बोजा चढवायचे 1,500. कोटेशनमध्ये याखेरीज ‘हँडलिंग चार्जेस’ दिसले, तर ते सरकारकडे जात नाहीत. त्या रकमेची वेगळी पावती मागा. आमच्या मेहुण्यांनी मागितली, तर मॅनेजरने ती ओळच खोडली.