काळ जेथें जवळजवळ थांबतो
(अभ्यासपाठ)

मागील उन्हाळ्यांत धाड येथें एका वृद्ध बंधूची मूठमाती झाली. सर्व लोक घरोघर गेल्यावर त्याचा मुलगा आम्हांजवळ येऊन बसला. तो बारा वर्षें पुण्यास कामाला आहे. तो म्हणाला, "पाळकसाहेब, तिकडे आबांची आठवण आली, कीं ते मला ओट्यावर बसलेलेच दिसत, आणि त्यांचे केस काळेच असत. माझीं वर्षें जात होतीं, पण घरीं वेळ थांबून आहे, असें मला वाटे." त्या वेळीं आम्हांस नीट उत्तर देतां आलें नाहीं. पुढें पुष्कळ विचार केला, तो आज पाठाच्या रूपानें आपणांपुढें ठेवितों.

१. गोष्टींतील तें ठिकाण

काळ थांबलेल्या ठिकाणाची कल्पना फार जुनी आहे. भागवत पुराणांत ककुद्मी राजाची गोष्ट आपल्यापैकीं अनेकांच्या वाडवडिलांनीं ऐकली असेल. आपली कन्या रेवती हिला योग्य वर कोण, हें विचारावयास तो तिला घेऊन ब्रह्मलोकीं गेला. तेथें गायन चाललें होतें म्हणून तो थोडा वेळ थांबला. मग विचारतो, तों त्याला कळलें कीं पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगें लोटलीं असून, त्यानें मनांत योजिलेले वर तर नाहींतच, पण त्यांचे नातूपणतूही उरले नाहींत. इफिस येथील सात निद्रिस्तांची जुनी ख्रिस्ती दंतकथाही अशीच आहे. गुहेंत निजलेले ते तरुण एकच रात्र झाली असें समजून उठले; त्यांच्यांतील एक भाकर विकत घ्यावयास गांवांत गेला, तेव्हां त्याच्या हातांतील जुनें नाणें पाहून लोक चकित झाले.

यहोशवाच्या पुस्तकांत गिबोनावर सूर्य थांबल्याचा वृत्तांत आहे, परंतु तो निराळा; तो दिवस तेथें सर्वांनाच सारखा लांब झाला. वरील दोन गोष्टींत मात्र काळ एकासाठीं सावकाश आणि दुसऱ्यासाठीं भरभर गेला. आणि हें लक्षांत ठेवावें कीं, ज्याचा काळ सावकाश गेला त्याला तें तेथें असतांना मुळींच कळलें नाहीं. परत आल्यावर कळलें.

२. घाटावर आणि घाटाखालीं

या केवळ गोष्टी; परंतु काळ सर्व ठिकाणीं एकाच गतीनें चालत नाहीं, हें खरें आहे. इ. स. १९१५ सालीं आईन्स्टाईन या शास्त्रज्ञानें असें मांडलें कीं, जड वस्तूच्या जितकें जवळ असावें तितका काळ सावकाश चालतो. पृथ्वी ही जड वस्तूच होय. म्हणून जमिनीजवळील घड्याळ उंचावरील घड्याळापेक्षां किंचित् मागें पडतें. हा घड्याळाचा दोष नव्हे. तेथें नाडीचे ठोके, बियाण्याचें उगवणें, सर्व कांहीं त्याच प्रमाणांत सावकाश होतें.

आपल्या जिल्ह्याचेंच उदाहरण घेऊं. बुलढाणा घाटावर आहे, आणि राजूर घाट उतरून मोताळ्यावरून मलकापुरास गेलें, कीं आपण घाटाखालीं येतों. उंचींतील फरक सुमारें ४०० मीटर धरला, तर घाटाखालच्या माणसाचा काळ घाटावरच्यापेक्षां सावकाश चालतो. किती? सत्तर वर्षांच्या आयुष्यांत एका सेकंदाचा सुमारें दहाहजारावा भाग! एवढ्यासाठीं कोणीं बिऱ्हाड हलवूं नये. तथापि फरक खरा आहे. इ. स. २०१० सालीं अमेरिकेंतील शास्त्रज्ञांनीं एक अतिसूक्ष्म घड्याळ दुसऱ्यापेक्षां सुमारें एक फूट उंच ठेवून तो मोजून दाखविला. मोबाईलवर रस्ता दाखविणाऱ्या उपग्रहांवरील घड्याळें उंची व वेग या दोहोंमुळें मिळून दररोज सेकंदाच्या ३८ दशलक्षांश भागानें पुढें जातात. ही चूक दुरुस्त केली नाहीं, तर एका दिवसांतच मुक्कामाचें ठिकाण सुमारें दहा किलोमीटरांनीं चुकेल.

३. कृष्णविवराच्या कांठावर

आतां पृथ्वीपेक्षां अतिशय जड व अतिशय आटोपशीर वस्तूची कल्पना करा. आकाशांत अशा वस्तू आहेत. त्यांस कृष्णविवर म्हणतात. त्यांच्या सीमेच्या आंत गेलेला प्रकाशही बाहेर येत नाहीं. आपल्या आकाशगंगेच्या मध्यभागीं आहे त्याचें वजन सुमारें चाळीस लाख सूर्यांइतकें असून, त्याचें चित्र इ. स. २०२२ सालीं प्रसिद्ध झालें. कोल्हापूर येथें जन्मलेले ज्योतिर्विद जयंत नारळीकर यांनीं याच विषयाचें नांव दिलेली 'कृष्णविवर' ही कथा इ. स. १९७४ सालीं मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेस टोपणनांवानें पाठविली, व तिला पहिलें बक्षीस मिळालें.

त्या सीमेजवळ कोणी जाऊं लागला, तर दुरून पाहणाऱ्यास त्याचें घड्याळ अधिकाधिक सावकाश होतांना दिसेल. अगदीं कांठाशीं तें जवळजवळ थांबल्यासारखें दिसेल. परंतु जाणाऱ्यास विचारा, तर त्याचें मिनिट त्याला मिनिटाएवढेंच वाटेल. तो कांठावरून परत येऊं शकला, तर त्याचें वय थोडेंच वाढलेलें असेल, आणि ज्यांना तो मागें ठेवून गेला त्यांचीं वर्षें सरलेलीं असतील. ककुद्मीचें तेंच झालें.

४. बोध

आतां त्या मुलाच्या बोलण्याकडे वळूं. पुणें व धाड यांच्या घड्याळांत पापणी लवण्याइतकाही फरक नाहीं. तिकडे बारा वर्षें गेलीं, तीं इकडेही बाराच गेलीं. त्याच्या हातांवर काम करून घट्टे पडले, त्याच काळांत आबांचे केस पिकले. ज्या ओट्यावर वेळ थांबली होती तो ओटा त्याच्या आठवणींत होता. आठवणींतील माणूस म्हातारा होत नाहीं, म्हणून भेटीची घाई वाटत नाहीं. हाच त्या कल्पनेचा धोका होय.

सेवकबंधूंनींही हें मनावर घ्यावें. एखाद्या दूरच्या वस्तीवर आपण सहा महिन्यांनीं जातों, आणि तेथील आजी "फार दिवसांनीं आलांत, बाबा" म्हणते, तेव्हां आपणांस हंसूं येतें. तिचे सहा महिने आपल्या सहा महिन्यांएवढेच असतात, परंतु ती ते वाट पाहण्यांत घालविते.

त्या मुलाची आई हयात आहे. निरोप घेतांना "नाताळास येईन" असें तो आम्हांस म्हणाला. आम्हीं त्याला म्हटलें, "बाळा, नाताळाची वाट पाहूं नकोस."

मनन करण्यासाठीं प्रश्न

(१) काळ सावकाश चालल्याचें ककुद्मीला ब्रह्मलोकीं असतांना कां कळलें नाहीं?
(२) घाटावर व घाटाखालीं काळाच्या गतींत फरक कां पडतो?
(३) आपल्या मनांत काळ थांबलेलें असें कोणतें घर आहे? तेथें आपण शेवटीं केव्हां गेलों?