काटा थबकतो तेव्हा

वजन उतरविण्याचा संकल्प करून जो मनुष्य आहार आवरतो, नियमाने चालू लागतो आणि पहिल्या काही आठवड्यांत काट्यावरचा आकडा भराभर खाली येताना पाहून सुखावतो, त्याच्या वाट्यास पुढे एक काळ असा हमखास येतो की आहार तोच, व्यायाम तोच, निग्रहही तोच असताना आकडा मात्र एका जागी खिळून बसतो आणि आठवडे उलटले तरी तसूभर हलत नाही. या काळात काय करावे यापेक्षा काय करू नये, हे सांगणारे मला वेळेवर कोणी भेटले नाही. म्हणून, वैद्यकाचा पदवीधर नसतानाही, ज्या अनुभवातून मी गेलो आणि त्यानंतर जे वाचले व जाणत्या डॉक्टरांना विचारून पडताळून घेतले, ते येथे मांडीत आहे.

माझी उमेदीची सारी वर्षे सरकारी कोषागारात जमाखर्चाच्या वह्या तपासण्यात गेली. बैठे काम, दुपारच्या चहाबरोबर काहीतरी तळलेले आणि रात्री उशिराचे जेवण, हा त्या नोकरीचा क्रमच होता. सेवानिवृत्तीच्या सुमारास वजन ८४ किलो, कमरेचा घेर ९८ सेंटिमीटर आणि उपाशीपोटीची रक्तशर्करा ११८ अशी स्थिती झाली, तेव्हा डॉक्टरांनी सौम्य परंतु स्पष्ट शब्दांत समज दिली की हा अद्याप मधुमेह नसला तरी मधुमेह फार दूरही राहिलेला नाही. मी साखर सोडली, भाताचे प्रमाण निम्म्यावर आणले, रोज सकाळी पर्वतीपर्यंत चालत जाऊ लागलो. वजन उतरत उतरत ७७ किलोंवर आले आणि तेथे थांबले.

या मुक्कामावर माझी गाठ वजन घटविण्याच्या एका केंद्रातील सल्लागारांशी पडली. त्यांनी माझी नोंदवही चाळली, आकडा पाहिला आणि निर्णय दिला, "काका, काटा हलत नाही याचा अर्थ एकच. तुम्ही अजून जास्त खाताय." मग रात्रीचे जेवण बंद झाले, सकाळी फळांचा रस आणि दुपारी एक फुलका व पातळ सूप एवढाच आहार उरला. काटा हलला. वजन ७४ झाले आणि केंद्राच्या दप्तरी ते यश म्हणून नोंदले गेले. परंतु त्याच काळात हातपाय सदैव गार पडू लागले, झोप तुटू लागली, लहानसहान गोष्टींवरून मी घरच्यांवर चिडू लागलो, जमिनीवर मांडी घालून जेवून उठताना हाताचा टेकू लागू लागला, आणि जी पर्वती मी न थांबता चढत असे तिच्या अर्ध्या वाटेवर डोळ्यांपुढे अंधारी येऊ लागली. "अहो, आकडा उतरला खरा," पत्नी एके दिवशी म्हणाली, "पण तुमचं अंग कुठं गेलं?" वहीत ज्याची नोंद नव्हती ते तिने नुसत्या डोळ्यांनी पाहिले होते. आमच्या डॉक्टरांनी तपासले आणि तो आहार त्याच दिवशी बंद करविला. नेहमीचे जेवण सुरू होताच वजन अल्पावधीत पुन्हा ७७ वर आले. गेलेली ताकद परत येण्यास मात्र कितीतरी अधिक काळ लागला.

हे असे का झाले, ते समजून घेण्यासाठी एका जुन्या हिशेबाकडे वळावे लागते. १९५८ साली मॅक्स विश्नोफ्स्की या डॉक्टरांनी असे गणित मांडले की एक पौंड वजन म्हणजे ३,५०० कॅलरी. किलोच्या भाषेत सुमारे ७,७००. त्यावरून सरसकट असे सांगितले जाऊ लागले की रोज ५०० कॅलरी कमी घ्या, आठवड्याला जवळजवळ अर्धा किलो उतरेल. हे गणित पहिल्या काही आठवड्यांपुरते ढोबळपणे जुळते. परंतु ते अखंड चालू राहते असे धरले तर ८० किलोंचा मनुष्य साडेतीन वर्षांच्या आत नाहीसा व्हावयास पाहिजे. तसे होत नाही, कारण या हिशेबात जमेची बाजू कमी केली म्हणजे खर्चाची बाजू जशीच्या तशी राहील असे गृहीत धरले आहे. आणि कोषागारात काय किंवा शरीरात काय, उत्पन्न आटले की खर्चास कात्री लागल्यावाचून राहत नाही. वजन उतरलेले शरीर वागविण्यास मुळातच कमी शक्ती लागते. शिवाय स्वस्थ बसलेले असताना होणारा ज्वलनाचा व्ययही अपेक्षेहून अधिक घटतो, आणि मनुष्याच्या नकळत त्याची हालचाल मंदावते. तो जिना टाळतो, उभ्याचा बसतो, बसल्याचा आडवा होतो. अशा रीतीने जमा आणि खर्च यांचा मेळ पुन्हा बसला की वजन थांबते. त्याबरोबर भूक वाढते आणि पानावरचे घास कळत नकळत वाढतात हेही खरे असल्यामुळे आठवडाभर आपण काय खातो ते प्रामाणिकपणे लिहून काढणे केव्हाही हिताचेच. परंतु काटा थांबला म्हणजे मनुष्य लबाडी करीत आहे असा निष्कर्ष काढणे हा त्या मनुष्यावर अन्याय आहे.

या खर्चकपातीचा सर्वांत सखोल पुरावा दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस अमेरिकेतील मिनेसोटा विद्यापीठात गोळा झाला. युद्धात शस्त्र धरण्यास सद्सद्विवेकबुद्धीने नकार दिलेल्या ३६ निरोगी तरुणांनी, युरोपातील उपासमारग्रस्तांस पुढे कसे सावरावे हे कळावे म्हणून, आपली शरीरे अॅन्सेल कीज या शास्त्रज्ञाच्या स्वाधीन केली. चोवीस आठवडे त्यांना नेहमीच्या जवळजवळ निम्मा आहार मिळाला, त्यांचे वजन सुमारे चतुर्थांशाने उतरले, आणि विश्रांतीच्या अवस्थेतील त्यांच्या शरीराचा व्यय मात्र सुमारे चाळीस टक्क्यांनी घटला. थंडी वाजणे, नाडी मंदावणे, चिडचिड, सदासर्वकाळ अन्नाचेच विचार, पावलांवर सूज, हे सारे १९५० साली प्रसिद्ध झालेल्या त्या प्रयोगाच्या दोन खंडांत नमूद आहे. ते वर्णन वाचताना, कितीतरी सौम्य प्रमाणात का होईना, माझीच कैफियत वाचीत असल्यासारखे वाटले. त्याहून महत्त्वाची गोष्ट अशी की पुन्हा पोटभर अन्न मिळू लागल्यावर त्या तरुणांच्या अंगावर मेद आधी भरून आला आणि मांस मागून. वारंवार उपासमार करून वारंवार वजन परत मिळविणाऱ्याने हे वाक्य पुन्हा एकदा वाचावे, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

प्रारंभीचा उतार इतका वेगाने का होतो, याचेही उत्तर बहुतांशी पाण्यात आहे. यकृतात व स्नायूंत ग्लायकोजेन नावाची साठवणीची शर्करा साधारण चारशे-पाचशे ग्रॅम असते आणि ती आपल्या सुमारे तिप्पट वजनाचे पाणी धरून राहते. आहार तुटला की प्रथम हा साठा खर्ची पडतो आणि त्याबरोबर पाणी निघून जाते. काट्यावर दीड-दोन किलो उतरतात, मेद मात्र थोडाच जातो. पुढे याच्या उलटही घडते. लग्नाच्या पंगतीतले पापड-लोणचे, नव्याने सुरू केलेल्या व्यायामाने दुखावलेले स्नायू, स्त्रियांच्या बाबतीत मासिक चक्रातील ठराविक दिवस, यांपैकी कशानेही शरीर पाणी धरून ठेवते आणि आत मेद उतरत असतानाही काटा स्थिर, क्वचित चढलेलाही दिसतो. पादुआचे वैद्य सांक्तोरियुस यांनी सतराव्या शतकाच्या आरंभी तराजूला टांगलेल्या खुर्चीत बसून, खाल्लेले, प्यालेले आणि विसर्जिलेले सारे तोलून पाहिले, तेव्हा शरीराचे बरेचसे वजन डोळ्यांना न दिसताच निघून जाते असे त्यांस आढळले. आज आपणास माहीत आहे की दहा किलो मेद जळतो तेव्हा त्यातील सुमारे ८.४ किलो कार्बन डायऑक्साइड होऊन श्वासावाटे बाहेर पडतो आणि उरलेल्याचे पाणी होते. इतक्या सूक्ष्म देवघेवीचा निकाल रोज सकाळी एकाच आकड्याकडून मागणे योग्य नव्हे. ज्यास वजन करावयाचे असेल त्याने ते आठवड्यातून एकदा, सकाळी, शौचानंतर व न्याहारीपूर्वी, सारख्याच कपड्यांत करावे. चार आठवड्यांची सरासरी पाहावी. आणि स्त्रियांनी मागील महिन्यातील त्याच दिवसांशी तुलना करावी.

आपणा भारतीयांच्या बाबतीत तर एकट्या वजनाची साक्ष विशेषच अपुरी पडते, आणि हे दाखवून देण्याचा मोठा मान पुण्याकडे जातो. केईएम रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि लंडनचे डॉ. जॉन यडकिन यांनी २००४ साली 'लॅन्सेट' या नियतकालिकात आपले दोघांचे छायाचित्र प्रसिद्ध केले. उंची-वजनाचा निर्देशांक दोघांचाही तंतोतंत २२.३, परंतु शरीरातील मेद यडकिन यांचा ९.१ टक्के आणि याज्ञिक यांचा २१.२ टक्के! पुण्याजवळच्या खेड्यांतील नवजात अर्भकांचे वजन सरासरी २.७ किलो, तर इंग्लंडमधील साउदॅम्प्टनच्या अर्भकांचे ३.५ किलो, तरीही आपल्या त्या किरकोळ बाळांच्या अंगावरील मेद त्या मानाने फारसा कमी नसतो, कमी असते ते मांस, हेही याज्ञिक व त्यांच्या सहकाऱ्यांनीच दाखविले. म्हणजे सडपातळ दिसणारा आपला मनुष्य आतून मेदस्वी असू शकतो, आणि उपाशी राहून त्याने वजन उतरविले तर मुळातच तुटपुंजे असलेले मांस तो आणखी गमावतो. माझ्या बाबतीत हेच घडले होते. चरकाचार्यांनी विमानस्थानात रुग्णाची जी दशविध परीक्षा सांगितली तिच्यात सार आहे, संहनन म्हणजे बांध्याचा घट्टपणा आहे, अंगुलांनी मोजावयाचे प्रमाण आहे, आहारशक्ती व व्यायामशक्ती आहे. तराजूवरचे वजन मात्र नाही.

डॉक्टरांनी माझ्याकडून जी नवी नोंदवही सुरू करविली तिच्यात वजनाचा रकाना शेवटी ठेवला आणि पहिला मान कमरेला दिला. सर्वांत खालची बरगडी आणि कमरेचे हाड यांच्या मध्यावर, सहज श्वास सोडल्यानंतर, पोट आत न ओढता टेप धरावी. आपल्याकडे पुरुषांस ९० व स्त्रियांस ८० सेंटिमीटर ही मर्यादा मानली जाते, आणि घेर उंचीच्या निम्म्याहून कमी असावा हे सुटसुटीत मापही ध्यानात ठेवण्याजोगे आहे. वजन ७७ वरच असताना माझा घेर हळूहळू ९१ पर्यंत आला. घरी कोणी मोजण्यापूर्वीच शिंप्याने, "साहेब, पँट दोन इंच आत घ्यावी लागेल," असे सांगितले होते, आणि मला तो दाखला कोणत्याही यंत्राच्या पावतीहून कमी मोलाचा वाटला नाही.

दुसरा रकाना ताकदीचा. हात छातीवर बांधून खुर्चीतून अर्ध्या मिनिटात किती वेळा पूर्ण उभे राहता येते, जमिनीवरून आधाराशिवाय उठता येते की नाही, पाण्याने भरलेली बादली किती अंतर नेता येते, हे महिन्याकाठी पाहावे. दमासाठी पर्वतीसारखी एकच चढण ठरवावी, वर पोहोचताच नाडी मोजावी, दोन मिनिटांनी पुन्हा मोजावी; ती जितकी लवकर खाली येईल तितकी प्रकृती सुधारली असे समजावे. पहाटे अंथरुणातून उठण्यापूर्वीची नाडीही लिहून ठेवावी. रक्तदाब, उपाशीपोटीची शर्करा, तीन महिन्यांची सरासरी सांगणारी एचबीएवनसी आणि ट्रायग्लिसराइड यांची तपासणी डॉक्टर सांगतील त्या मुदतीने करावी. माझी शर्करा ११८ वरून ९७ वर आली ती याच तथाकथित थांबलेल्या काळात. मूळ वजनाच्या पाच टक्के घट झाली तरी शर्करा व रक्तदाब यांत सुधारणा दिसू लागते, ही गोष्ट ठाऊक असती तर ८४ वरून ७७ वर आलेल्या मनुष्याने स्वतःस अपयशी मानण्याचे कारणच उरले नसते.

मग थबकलेल्या काट्यापुढे करावे काय? प्रथम महिनाभर धीर धरावा आणि अन्न आणखी तोडू नये. काही आठवडे वजन आहे तेथेच राखण्याइतके पोटभर जेवणे हासुद्धा प्रगतीचाच भाग आहे. विशेषतः ज्याने पूर्वी फार ताणले आहे त्याने हे करावेच. आठवड्यातून निदान दोनदा ताकदीचा व्यायाम करावा. बैठका, भिंतीला हात लावून काढलेले जोर, आणि औंधच्या भवानराव पंतप्रतिनिधींनी ज्यांचा आयुष्यभर प्रसार केला ते सूर्यनमस्कार यांस पैसा लागत नाही. गुडघे दुखत असतील त्यांनी खुर्चीवरून उठबस करूनच आरंभ करावा. प्रत्येक जेवणात मुगाची उसळ, पिठले, ताक, अंडे किंवा मासळी यांपैकी काहीतरी प्रथिनयुक्त असावे, कारण नुसत्या भाकरी-भाजीवर मांस राखणे कठीण जाते. मूत्रपिंडाचा विकार असेल त्याने मात्र हे प्रमाण डॉक्टरांकडून ठरवून घ्यावे. झोपेत कपात करू नये. एवढे करून वजन पुन्हा उतरू लागले तर उत्तम. उतरले नाही, पण कंबर, नाडी आणि रक्ततपासणी यांचा कल योग्य दिशेस असला, तर चालू आहे तेच चालू ठेवावे. आणि हे सर्वच रकाने एकाच वेळी कित्येक महिने स्थिर राहिले, तरच आहाराचा नव्याने विचार करावा, तोही जाणत्या आहारतज्ज्ञाबरोबर बसून. थायरॉइडचा दोष किंवा चालू असलेले एखादे औषध यांमुळेही वजन अडू शकते, म्हणून त्याची तपासणी करवून घेण्यास संकोच करू नये. मधुमेहाच्या गोळ्या अथवा इन्सुलिन घेणाऱ्याने जेवण कमी करण्यापूर्वीच औषधाची मात्रा विचारून घ्यावी, कारण शर्करा एकाएकी उतरणे हा तत्काळचा धोका आहे. आहारात काही बदल केला नसताना वजन आपोआप उतरू लागले, किंवा दोन-तीन दिवसांत दोन किलोंहून अधिक चढून पावलांवर बोटाने दाबल्यास खळगा राहील अशी सूज आली, तर नोंदवही बाजूला ठेवून त्याच दिवशी डॉक्टरांना गाठावे.