आखाड्यावरच्या राखणदाराचं घर

परभणी, 18 नोव्हेंबर

चि. गणेश,

सोयाबीन निघालं, हरभरा पेरून झाला आणि तू रात्रीचा रानातल्या आखाड्यावरच मुक्कामाला असतोस, असं अक्का फोनवर सांगत होती. सोबतीला मोत्या कुत्रा आहे हे ऐकून बरं वाटलं. पण त्याच्या निवाऱ्याला तू भिंतीशी नुसता एक पत्रा टेकवून ठेवलायस, हेही कळलं. तेवढ्यानं त्याची थंडी निघायची नाही, म्हणून हे पत्र.

आपला जिल्हा उन्हासाठी ओळखला जातो, पण इथली थंडीही हाडं गोठवते. डिसेंबर 2018 मध्ये परभणीचा पारा पाच अंशांच्याही खाली उतरला होता. त्यात मोत्या कारवानी जातीचा. पळायला चपळ, पण अंगावर ना चरबी ना दाट केस. अशा कुत्र्याला गार वारा लवकर बाधतो.

मुळात एक गोष्ट समजून घे. निरोगी कुत्र्याचं अंग आपल्यापेक्षा गरम असतं, साधारण 101 ते 102.5 अंश फॅरनहाइट. ऊब त्याच्या अंगातच असते. ओल, वारा आणि गार जमीन ती ओढून घेतात. या तिघांना अडवणं एवढंच तुझं काम.

आपलं रान काळं, ओल धरून ठेवणारं. म्हणून मोत्यासाठी खोपट बांधशील ते जमिनीवर टेकवू नकोस. खाली विटा मांडून वर फळ्या टाक, वीतभर उंची पुरे. खोपट मोठं बांधायचा मोह धरू नकोस. मोत्याला आत उभं राहता यावं, वळता यावं, अंगाचं वेटोळं करून झोपता यावं, इतकंच हवं. मोठ्या खोपटात त्याच्या अंगची ऊब टिकत नाही. हिवाळ्यात वारा उत्तरेकडून येतो, तेव्हा दार आग्नेयेला ठेव. वारा थेट आत शिरणार नाही आणि सकाळचं ऊनही आत येईल. दारावर बारदानाचा पडदा सोड, पण वरच्या बाजूला हवेला थोडी फट राहू दे. नुसता पत्रा रात्री गार पडतो आणि आतून घाम धरून ठिबकतो. त्याच्या खाली तुराट्यांचा ताटवा बांध.

अंथरायला गोधडी नको. ती ओल शोषते आणि कुत्रं रात्रभर ओल्यात झोपतं. गव्हाचा कोरडा भुसा किंवा बारीक केलेला कडबा हातभर जाड टाक, म्हणजे तो त्यात घुसून बसेल. आठवड्याला उन्हात पसरून हलव, कुबट वास आला की बदल. पिसवा आणि गोचीड जुन्या अंथरुणात वाढतात. फवारणीच्या औषधाजवळ ठेवलेलं पोतं चुकूनही वापरू नकोस.

रात्रीची लाईट आली की तू पाणी द्यायला जाशील आणि मोत्या तुझ्या मागोमाग ओल्या सरीतून येईल. परत आल्यावर आधी त्याचं पोट आणि पाय कोरड्या पोत्यानं पूस, मगच त्याला आत जाऊ दे. ऊब धरायला शरीराला जास्त अन्न लागतं, म्हणून संध्याकाळी एक भाकरी वाढव, जमलं तर उकडलेलं अंडं दे. शेकोटीच्या राखेत त्याला झोपू देऊ नकोस, आत निखारे असतात. तो थरथरत असेल, सुस्त पडला असेल, हाक मारूनही उठत नसेल, तर कोरड्या पोत्यात गुंडाळून घरात घे, हळूहळू ऊब दे आणि जनावरांच्या डॉक्टरांना बोलाव. एकदम आगीजवळ नेऊ नकोस.

पाळलेल्या जनावराला पुरेसं अन्न, पाणी, निवारा न देणं आणि आखूड साखळीला बेसुमार वेळ बांधून ठेवणं हा 1960 च्या प्राणी क्लेश प्रतिबंधक कायद्याखाली गुन्हा आहे. पण मी तुला कायद्याच्या भीतीनं सांगत नाही. रानडुकरं आली की मोत्याच आधी उठतो आणि तुझी झोप त्याच्या जागरणावर चालते. ज्याच्याकडून राखण करून घेतोस, त्याची काळजी घेणं तुझ्या अंगावर आहे.

विटा आणि फळ्या घरीच पडून आहेत, दोन माणसांचं अर्ध्या दिवसाचं काम. कडाक्याची थंडी पडायची वाट बघू नकोस, याच आठवड्यात उरकून टाक. अक्काला नमस्कार सांग.

तुझा,
मामा